शेजाऱ्याने बांध कोरून तारेचं कुंपण आमच्या रानात सरकवलं. पोलीस "दिवाणी बाब आहे" म्हणून परत पाठवतात. काय करावं?

पोलीस खरं तेच सांगतायत. हे लिहायला माझ्याच जिवावर येतंय, कारण 2016 साली ठाण्यात याच वाक्यावरून मी तावातावाने भांडलो होतो.

आमचं रान सांगोल्याकडचं. वरच्या अंगाला भावकीतले आण्णा. दरसाल नांगरटीला त्यांचा ट्रॅक्टर बांधाचं एखादं तास खायचा. बांधावरची बाभळ पाच वर्षांत आण्णांच्या रानात उभी दिसायला लागली. झाड काही चालत गेलं नव्हतं.

मी म्हणत होतो, मोजणी आणू. आमचे दाजी म्हणाले, "मोजणीची वाट कोण बघत बसतंय, ठाण्यात आपली ओळख आहे." झालं, दोन्ही पार्ट्यांना बोलावणं आलं. फौजदारसाहेबांनी चहा पाजला आणि निकाल दिला: बांध आता आहे तिथंच धरा, विषय संपवा. गटाचा नकाशा कुणी मागितलासुद्धा नाही. मी वडिलांना म्हटलं, सही करू नका. दाजींनी डोळे वटारले. जावयाचा शब्द कसा मोडायचा, म्हणून वडिलांनी सही केली.

पुढे रीतसर मोजणी करून 'क' प्रत (मोजणीचा नकाशा) हातात आली तेव्हा आमचे सव्वातीन गुंठे आण्णांकडे निघाले. आम्ही दावा लावला, तर त्यांच्या वकिलाने पहिला कागद काढला तो वडिलांच्या सहीचा. हद्द तर तुम्हीच मान्य केलीय! तो कागद निस्तरण्यात चार वर्षं गेली. दाजी अजून लग्नकार्यात सांगतात, पोलिसांनी मिटवलेलं यानं कोर्टात नेलं. दाजी, मिटलं नव्हतं. आपण सव्वातीन गुंठे लिहून देऊन आलो होतो.

तर ठाण्यात हद्दीबद्दल कशावरही सही करायची नाही. हद्द मोजायची भूमी अभिलेखने, वाद सोडवायचा दिवाणी कोर्टाने. पोलिसांनी डोकी फुटू द्यायची नाहीत, एवढंच. फार तर दोघांवर चॅप्टर केस, म्हणजे शांतता राखण्याची कारवाई होईल (जुनं कलम 107, आता नागरिक सुरक्षा संहितेचं 126) आणि तहसीलदारांपुढे बाँड लिहून द्यावा लागेल. ताब्यावरून शांतता बिघडायची वेळ आली तर त्याच संहितेचं कलम 164, म्हणजे जुनं 145, पण त्यातही प्रत्यक्ष ताबा कुणाचा एवढंच बघतात, मालकी नाही.

एनसी (अदखलपात्र तक्रारीची ठाण्यातली नोंद) मात्र जरूर नोंदवा. खाली "कोर्टात दाद मागण्याची समज दिली" असं लिहिलेलं वाचून लोक तो कागद चुरगाळून टाकतात. टाकू नका. तुम्ही कोणत्या तारखेला ओरड केली हे त्या कागदावर राहतं, आणि त्या तारखेला किंमत आहे. स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्टच्या कलम 6 खाली, बेकायदा रीतीने ताबा काढून घेतल्यापासून सहा महिन्यांत दावा लावला तर मालकी सिद्ध न करताही ताबा परत मागता येतो.

आता हेही सांगतो, नाहीतर पोलिसांच्या बाजूने बोलतोय असं वाटेल. मारहाण झाली किंवा तुमचं उभं पीक कापून नेलं, तर "दिवाणी बाब" ऐकून माघारी फिरू नका. दखलपात्र गुन्हा (ज्यात पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात) असेल तर एफआयआर घ्यावाच लागतो, ललिता कुमारी प्रकरणात सुप्रीम कोर्टाने 2013 मध्येच सांगितलंय. ठाण्यात घेत नसतील तर पोलीस अधीक्षकांना पोस्टाने लेखी पाठवा. आणि मोजणीच्या दिवशी बंदोबस्त मागता येतो. आमच्याकडे आलेले दोन शिपाई दिवसभर उन्हात उभे होते, आण्णांची पोरं बांधावर फिरकली नाहीत.

मी वकील नाही, कोर्टाच्या पायऱ्या झिजवलेला शेतकरी आहे. तुमचं कुंपण कधी सरकलं ते प्रश्नात लिहिलेलं नाही. सहा महिने भरत आले असतील तर ठाणं सोडा, उद्या सकाळी वकील गाठा.