पगार तुमचा, मग हात का पसरता?

प्रश्न : लग्नाला आठ महिने झाले. मी पिंपरी-चिंचवडमध्ये नोकरी करते. माझी जीन्स, ऑफिसला जाताना मंगळसूत्र काढून ठेवणे आणि रात्री बाहेरून जेवण मागवणे सासूबाईंना खटकते. पती मात्र समजूतदार आहेत, नेहमी माझी बाजू घेतात. पगाराचे सगळे तेच पाहतात, ओटीपी आला की मी त्यांना पाठवते. परवा आईच्या साठीला साडी घ्यायची होती, तर मागितल्याबरोबर दोन हजार दिले. सासूबाईंना कसे सांभाळू?

उत्तर : सासूबाईंविषयी तुम्ही भरभरून लिहिले आहे, पण मी अडखळले ती साडीपाशी. दरमहा जिच्या खात्यात पगार जमा होतो, तिला स्वतःच्या आईच्या साडीसाठी नवऱ्यापुढे हात पसरावा लागतो आणि त्याने लगेच दिले याचे तिला कौतुक वाटते, हे वाचून मी खरोखर अस्वस्थ झाले.

जीन्स आणि जेवणाचे वाद घरोघरी होतात आणि वर्ष-दोन वर्षांत विरतात. त्यांची चिंता सोडा. तुमच्या पतींचा समजूतदारपणाही त्यावरून ठरत नाही, कारण कपड्यांवरून आईशी वाद घालण्यात त्यांचे काहीच जात नाही. भाजीच्या पैशांतून वाचवलेल्या चार नोटा तांदळाच्या डब्यात दडवणाऱ्या बायकांपाशी निदान तेवढे तरी स्वतःचे होते. तुम्ही कमावत्या असून तुमच्यापाशी तेही नाही. ओटीपी कोणालाही सांगू नका, असे बँक प्रत्येक संदेशात बजावते, आणि त्यात नवऱ्याचा अपवाद केलेला नसतो.

स्वतःच्या कष्टाने आणि कौशल्याने मिळवलेली मिळकत ही स्त्रीच्या संपूर्ण मालकीची असते, असे १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याचे कलम १४ सांगते. स्त्रीधनावरही केवळ तिचाच हक्क असतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये स्पष्ट केले आहे. (तुमचे दागिने कोणाच्या लॉकरमध्ये आहेत, हे तुम्ही लिहिलेले नाही.)

तेव्हा आज रात्रीच नेटबँकिंगचा पासवर्ड आणि कार्डाचा पिन बदला, आणि उद्या सकाळी चहा घेताना पतींना तसे शांतपणे सांगा. परवानगी मागू नका. घरखर्चात आणि हप्त्यांत तुमचा वाटा किती, हे दोघांनी बसून कागदावर मांडा आणि तेवढी रक्कम दरमहा तुम्ही स्वतःच्या हाताने पाठवा. उरलेले कुठे गुंतवायचे, ते तुम्ही ठरवा. सुरुवातीला एखादा निर्णय चुकला, तरी बिघडत नाही. त्याआधी मात्र लग्नापासूनचे बँकेचे स्टेटमेंट काढून आठ महिन्यांचा पगार कुठे गेला, ते ओळ न ओळ वाचा. न समजणारा एखादा व्यवहार दिसला, तर आधी पतींना विचारा आणि त्यांनी दिलेले उत्तर मला कळवा.