वाचकांचे प्रश्न: मोकाट गाढवं पाळायची तर

प्रश्न: हिंगण्याजवळ आमचं वावर आहे. बंद पडलेल्या वीटभट्टीवरची दोन गाढवं तिथं मोकाट फिरतात. पाळायचा विचार आहे, पण जवळ येऊ देत नाहीत. सुरुवात कशी करावी?

उत्तर: मोकाट म्हणजे बेवारस नव्हे. भट्टीमालकाकडे चौकशी करा, ग्रामपंचायत आणि पोलीस ठाण्याला लेखी कळवून पोच घ्या. माणसाळलेल्या गाढवावर महिन्याभरानं कुणी हक्क सांगायला आलं तर हीच पोच कामी येते. घ्यायची तर दोन्ही घ्या. सोबती तुटलेलं गाढव चारा सोडतं. चारा सुटला की अंगातली चरबी रक्तात उतरते आणि यकृत बसतं. लठ्ठ गाढवाला हा धोका जास्त. दिवसभर तोंड लावलं नाही तर उद्याची वाट पाहू नका.

मोटारसायकल लावून हाकलू नका. गाढवीण गाभण असू शकते, आणि ती साधारण 12 महिने गाभण राहते. दोन जनावरांना 20 बाय 40 फुटांचा वाडा पुरे. कुंपण साडेचार फूट, बल्ल्यांचं किंवा बांबूचं. काटेरी तार नको, बुजलं की छाती फाडून घेतात. खाली मुरूम टाकून घट्ट धुमस करा. आपल्या काळ्या मातीत पावसाळ्याचे चार महिने उभं राहिलं की खूर कुजतात. वाडा उन्हाळ्यातच बांधा: भोवतालचं पाणी आटलेलं असतं, आत पाण्याची टाकी भरून फाटक आठ-दहा दिवस उघडं ठेवा. सवय झाली की एका संध्याकाळी ती आत असताना फाटक ओढून घ्या. सावलीसाठी नुसते टिनपत्रे टाकले तर मे महिन्यात भट्टीच होईल, वर तणीस अंथरा.

पहिला आठवडा हात लावायचा नाही. ठरल्या वेळी चारा टाका आणि वाड्यातच एका कोपऱ्यात पाठ करून बसा. नंतर खांद्याच्या दिशेनं जा, समोरून किंवा मागून नको. कान टवकारून थबकलं की तुम्हीही थांबा, त्यानं मान सैल सोडली की दोन पावलं मागे या. माणूस मागे हटतो हेच त्याचं बक्षीस. पहिला स्पर्श वाशिंडाच्या जागी, मानेच्या बुडाशी. पाय आधी लांब बांबूनं चोळा. म्होरकी त्यानंतर, खूर सगळ्यात शेवटी. घोडा घाबरला की पळतो, गाढव जागीच रुतून बसतं. तेव्हा दोर ओढण्यात अर्थ नाही, ढिला सोडा.

दोर लागला की पशुवैद्यकाकडून धनुर्वाताची लस आणि ग्लँडर्स या घोडा-गाढवांच्या संसर्गजन्य रोगासाठी रक्ततपासणी. ग्लँडर्स माणसालाही होतो, त्यावर लस नाही, आणि तो कळवणं 2009 च्या कायद्यानं सक्तीचं आहे. अहवाल येईपर्यंत घोड्यांपासून दूर ठेवा. नागपुरात सेमिनरी हिल्सच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात सल्ला मिळेल. खुरांची छाटणी दर 6 ते 10 आठवड्यांनी. नाल लागत नाही.

प्रश्न: गाईंचं पशुखाद्य चालेल का?

उत्तर: नाही. काही पशुखाद्यांत आणि कोंबडीखाद्यांत मोनेन्सिन नावाचं औषध मिसळलेलं असतं. गाईला ते पचतं, घोडा-गाढवाचं हृदय बंद पाडतं. 140 किलोच्या गाढवाला रोज सुमारे 2 किलो कोरडा चारा पुरतो: कडबा, गव्हाचं कुटार, थोडं वाळलेलं गवत. धान्य नको. मिठाची ढेकूळ टांगा. कुंपणालगत कण्हेर, एरंड असेल तर मुळासकट काढा.

प्रश्न: अमेरिकेत सरकार रानटी घोडे आणि बरो गाढवं दत्तक देतं म्हणे. आपल्याला मिळतील का?

उत्तर: नाही. 1971 च्या कायद्याखाली तिथला भूव्यवस्थापन विभाग हे काम पाहतो. दत्तक दिलेलं जनावर पहिलं वर्ष सरकारी मालकीचंच असतं आणि मालकीपत्र हाती येईपर्यंत देशाबाहेर नेता येत नाही. त्यांचे नियम मात्र उपयोगी आहेत: एका जनावराला 400 चौरस फूट, बरोसाठी साडेचार फूट कुंपण. वर दिलेली मापं तीच आहेत. न माणसाळलेल्या मोठ्या घोड्याला मात्र 6 फूट लागतं.

प्रश्न: कच्छच्या छोट्या रणातलं रानगाढव?

उत्तर: ते वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. पकडणं हाच गुन्हा.