मेडिकल कोडिंगमध्ये, म्हणजे आजार-इजांना अमेरिकन आयसीडी-१०-सीएम यादीतले कोड लावताना पडणारा प्रश्न: शांतताकाळातल्या सरावात जवान भाजला, तर वाय३६ की वाय३७?

वाय३७. वाय३६ हा युद्धासाठी. शांततेच्या काळात लष्करी हद्दीत किंवा नेहमीच्या सरावात झालेल्या इजेसाठी वाय३७.

आग आणि गरम पदार्थ वाय३७.३ मध्ये येतात. आग कशाची ते नोंदीत नसेल तर वाय३७.३००ए. इथे वाय धरून सहावी जागा नीट बघा: ० म्हणजे लष्करी कर्मचारी, १ म्हणजे नागरिक. जवानाऐवजी तिथे कामाला आलेला वायरमन भाजला तर वाय३७.३०१ए. सातवं अक्षर ए म्हणजे सक्रिय उपचार चालू, डी पुढची देखभाल, एस मागे राहिलेला परिणाम. सहाही जागा भरलेल्या असल्यामुळे मध्ये एक्स (रिकामी जागा भरायचं अक्षर) घालायचा नाही. जळगाव-धुळ्याकडची कोडिंग क्लासची पोरं हमखास घालतात.

मात्र हा कोड पहिला कधीच नाही. आधी भाजण्याचा: उजव्या हाताचा कोपराखालचा भाग दुसऱ्या डिग्रीने भाजला तर टी२२.२११ए, मग किती टक्के अंग भाजलं त्याचा टी३१, त्यानंतर वाय३७.

उष्माघाताची गोष्ट वेगळी. भुसावळच्या मे महिन्यासारख्या उन्हात कूच करताना जवान कोसळला तर वाय३७.३ लावू नका, कारण तिथे आगच नाही. श्रमामुळे झालेला उष्माघात असं डॉक्टरांनी लिहिलं असेल तर टी६७.०२एक्सए, सोबत नैसर्गिक उष्णतेसाठी एक्स३०.एक्सएक्सएक्सए. इथे मात्र एक्स लागतात!

हे सगळं अमेरिकन आयसीडी-१०-सीएमचं. डब्ल्यूएचओच्या मूळ आयसीडी-१० मध्ये वाय३७ नाहीच.