कोर्ट कमिशनरची मोजणी विरुद्ध गेली, आता काय?

प्रश्न : आमच्या शेजाऱ्याने दरवर्षी नांगरताना बांध कोरत अंदाजे तीन गुंठे आत येऊन ताबा घेतला. आम्ही दावा केला. कोर्टाने भूमि अभिलेखच्या भूकरमापकाला कमिशनर नेमले. त्याने फक्त आमचा गट मोजला, तासाभरात गेला आणि ‘अतिक्रमण नाही’ असा अहवाल दिला. पंचनाम्यावर माझ्या दिरांची सही आहे. शेजारी म्हणतो, दावा संपला. तारीख पंधरा दिवसांवर आहे. (एक वाचक भगिनी, सोलापूर जिल्हा)

उत्तर : ताई, दावा संपलेला नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २६, नियम ९ प्रमाणे कोर्ट कमिशनरला जागेवर पाठवते. नियम १० प्रमाणे त्याचा अहवाल पुरावा म्हणून रेकॉर्डवर येतो. निकाल मात्र न्यायाधीशच देतात, आणि कोर्टाच्या परवानगीने त्या भूकरमापकाला साक्षीला बोलावून प्रश्न विचारता येतात.

आधी अहवाल, नकाशा आणि पंचनाम्याच्या नकला काढा. नकाशात शेजाऱ्याचा गट पूर्ण दिसतो का ते पाहा. बांधाचा वाद दोन गटांमधला, मग एकच गट मोजून अतिक्रमण आहे की नाही हे ठरणार कसे? दुसरे, मोजणी कुठून सुरू केली? शीव, जुने हद्दीचे दगड अशा पक्क्या खुणांवरून, की आज उभ्या असलेल्या बांधावरून? जो बांध सरकला म्हणून तुम्ही कोर्टात गेलात, तोच खरा धरून मोजले तर उत्तर ‘अतिक्रमण नाही’ असेच येणार.

फरक किती बारीक असतो बघा. ३३० फूट लांबीचा बांध दहा फूट सरकला की ३३०० चौरस फूट, म्हणजे तीन गुंठ्यांना थोडे वर. १:१००० प्रमाणाच्या नकाशावर हे दहा फूट जेमतेम तीन मिलिमीटर भरतात. म्हणून भूकरमापकाला उलटतपासणीत विचारायचे ते हेच : कुठली खूण धरली, टिपण (मूळ मोजणीची मापे असलेला कच्चा नकाशा) आणि फाळणी नकाशा (पोटहिश्शांचा नकाशा) सोबत होता का, शेजारचा गट का सोडला. एकत्रीकरणात, म्हणजे जमिनीचे तुकडे जोडून गट पाडले तेव्हा, तुमचा गट कुठल्या जुन्या सर्व्हे नंबरातून झाला, तो उताराही काढून वकिलांना द्या.

दिरांच्या सहीची फार धास्ती घेऊ नका. सहीवरून ते हजर होते एवढे कळते, मोजणी बरोबर होती असे नाही. ट्रॅक्टरच्या बॉनेटवर कागद ठेवून, न वाचता केलेल्या सह्या मी ढीगभर पाहिल्या आहेत. पण ‘तेव्हाच हरकत का घेतली नाही?’ हा प्रश्न येणारच. दिरांनी खरे तेच सांगावे.

अहवालावर लेखी हरकत घ्या. नुसते ‘अहवाल मान्य नाही’ लिहून भागत नाही, वरचे दोष मुद्देसूद मांडा. नियम १०(३) प्रमाणे कोर्टाचे समाधान झाले नाही तर पुढील चौकशीचा आदेश होऊ शकतो. दोन्ही गट मोजण्याची मागणी त्याच अर्जात करा. अहवाल आवडला नाही म्हणून दुसरा कमिशनर मिळत नाही. समोरचे वकील ‘हा कोर्टाकरवी स्वतःसाठी पुरावा गोळा करण्याचा प्रयत्न’ म्हणतील. त्यावर हरियाणा वक्फ बोर्डाच्या प्रकरणातला सर्वोच्च न्यायालयाचा २००८ चा निकाल दाखवा. हद्दीच्या वादात कमिशनर नेमायला हवा होता, असे त्यात म्हटले आहे.

अहवालात ‘शेजाऱ्याचा वीस वर्षांपासून ताबा’ असे काही घुसवले असेल तर त्यावरही हरकत घ्या. कमिशनरने जमीन मोजावी. ताबा कोणाचा, हे साक्षीपुराव्यातून कोर्ट ठरवते.

एक कटू गोष्टही सांगतो. सातबाऱ्यापेक्षा क्षेत्र कमी भरले म्हणजे ते शेजाऱ्यानेच घेतले असे नाही. कधी रस्त्यात जाते, कधी ओढ्यात, कधी पलीकडच्या बाजूच्या गटात. दोन्ही गट नीट मोजूनही तीन गुंठे सापडले नाहीत, तर तडजोडीचा विचार करा.

कोणी ‘दावा काढून घ्या, नव्याने करू’ म्हणाले तर ऐकू नका. ताब्याचा दावा करायला बारा वर्षांची मुदत असते आणि दावा काढून घेतला तरी ती थांबत नाही. आणि स्वतः बांध फोडायला जाऊ नका, फौजदारी वेगळीच मागे लागेल.

फेरमोजणीचा आदेश झाला तर फी वेळेत भरा आणि पीक निघाल्यावरची तारीख मागा, उभ्या उसात मोजणी धड होत नाही. या तारखेला हरकत तयार नसेल तर वेळ मागण्याचा अर्ज द्या, पण ‘नो से’, म्हणजे तुमचे म्हणणे नाही असे धरून पुढे जाण्याचा आदेश, होऊ देऊ नका.