फुसबॉल टेबल घरी दुरुस्त होतं, पण तेलाची बाटली सगळ्यात शेवटी काढा

भंगारवाल्याला एवढ्यात हाक मारू नका. तुम्ही लिहिलंय की मुलीच्या सातव्या वाढदिवसाला घेतलेलं तीन फुटी, सहा दांड्यांचं फुसबॉल टेबल आहे, म्हणजे दांड्यांवरचे खेळाडू फिरवून खेळायचं टेबलावरचं फुटबॉल. दोन पावसाळ्यांत त्याचे पाय डुगडुगायला लागले, मधल्या दोन दांड्या अडकतात, तीन खेळाडू दांडीवर नुसतेच गरगर फिरतात आणि बॉल कुठूनही मारला तरी मैदानाच्या मध्यावर येऊन बसतो. तेल घालून पाहिलं, पण फरक पडला नाही. यातलं एकही दुखणं टेबल टाकून देण्यासारखं नाही. आमच्याकडे नाशिकला अगदी असंच टेबल आहे, सहावं वर्ष चालू आहे, आणि सोसायटीतली निम्मी मुलं रोज संध्याकाळी त्याच्यावर असतात.

माझे वडील सातपूरच्या एमआयडीसीत फिटर होते. पंच (पिन ठोकून काढायची पोलादी सळई) कसा धरायचा, नट किती आवळायचा हे मी त्यांच्याकडूनच शिकले. त्यांचा एक क्रम असायचा: आधी सांगाडा, मग हलणारे भाग, आणि तेल सर्वांत शेवटी. तुमच्याकडे हा क्रम उलटा झालाय, म्हणून फरक पडला नाही.

सुरुवात पायांपासून करा. ही टेबलं एमडीएफ नाहीतर पार्टिकल बोर्डची असतात, म्हणजे लाकडाचा भुसा गोंदात दाबून केलेल्या फळ्या. त्यात स्क्रू एकदा छान बसतो. दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा काढून घातला की भोकातले आटे जातात आणि स्क्रू नुसता फिरत राहतो. अशा भोकात जास्त लांब स्क्रू ठोकून काही होत नाही. भोक कोरड्या ब्रशने साफ करा, काडेपेटीच्या काड्यांची गुलाची टोकं तोडून टाका, काड्या फेविकॉलमध्ये बुडवून भोकात ठासून भरा. वर आलेली टोकं कटरने सपाट कापा. मग पूर्ण एक दिवस टेबलाला हात लावायचा नाही. दुसऱ्या दिवशी मधोमध बारीक ड्रिलने मार्ग करून तोच जुना स्क्रू हाताने आवळा, ड्रिल मशीनने नको. काड्या भरायचं काम मुलीला द्या. माझी भाची आठ वर्षांची असताना तिने बावीस काड्या मोजून भरल्या होत्या आणि त्यानंतर कोणी टेबलावर कोपर टेकवून रेललं की तीच ओरडायची.

पाय जर बोल्टने बसवलेले असतील आणि फळीत रुतवलेला नटच सुटला असेल, तर काड्यांनी भागणार नाही. तिथे आरपार बोल्ट टाका आणि दोन्ही बाजूंना रुपयाच्या नाण्याएवढा तरी मोठा वायसर लावा, म्हणजे ताण एका ठिपक्यावर न येता फळीवर पसरतो. बाहेरच्या बाजूला बोल्टचं डोकं दिसेल, दिसू द्या. आणि टेबल कधीही ओढत सरकवू नका. पायांचे सांधे खेळण्याने तितके जात नाहीत जितके झाडू मारताना टेबल फरफटवल्याने जातात. दोघांनी धरून उचलायचं.

आता मैदान. इथे थोडं थांबून बघा, कारण तुमच्या टेबलाचं खरं दुखणं हेच आहे असं मला वाटतं. टेबल उलटं करून मैदानाची खालची बाजू पाहा. वरची बाजू हिरवी, छापील, गुळगुळीत असते. तिच्यावर कागद किंवा प्लास्टिकचा थर असतो, त्यातून ओल आत जात नाही. खालची बाजू मात्र बहुतेक वेळा उघडी, कच्ची, तपकिरी. पावसाळाभर हवेतला दमटपणा ती एकच बाजू पीत राहते आणि फुगते. एक बाजू फुगली, दुसरी तशीच राहिली, की पातळ फळी वाकणारच. त्यात मैदान फक्त कडेच्या खाचांत अडकवलेलं, मध्ये खालून आधार नाही. म्हणून ते मध्ये खचतं, आणि बॉल खोलगट ताटलीत ठेवल्यासारखा मध्यावर येतो. मधल्या खेळाडूंचे पाय मग त्याच्यापर्यंत नीट पोचतही नाहीत.

उपाय तीन टप्प्यांचा आहे. मैदानाची फळी बाहेर काढा. ती उन्हात ठेवू नका. उन्हात एकच बाजू झटकन वाळते आणि फळी भलतीकडेच वाकते. घरात, सावलीत, सपाट फरशीवर वर्तमानपत्रांच्या मध्ये घालून वर सारखं वजन ठेवा. आम्ही तांदळाचा डबा आणि जुने शब्दकोश ठेवले होते, आठ दिवस. त्यानंतर खालच्या कच्च्या बाजूला आणि चारही कडांना वुड सीलरचे किंवा साध्या ऑइल पेंटचे दोन हात द्या. कडा विसरू नका, ओल सर्वांत आधी तिथूनच शिरते. परत बसवताना कड खाचेत घट्ट ठोकून बसवायला लागत असेल तर पॉलिश पेपरने घासून थोडी मोकळीक द्या. फळीला फुगायला जरासुद्धा जागा नसेल तर ती पुढच्या पावसात पुन्हा वाकते. आणि खालून, मैदानाच्या मध्यावर, या बाजूपासून त्या बाजूपर्यंत लाकडाच्या दोन पट्ट्या टाका, टोकांना छोटे एल अँगल लावून. सुताराच्या दुकानात अशा पट्ट्यांचे तुकडे पडलेलेच असतात. एमडीएफ जर पाणी पडून पावासारखं फुगलं असेल, पापुद्रे सुटले असतील, तर मात्र ते परत बसत नाही. मग नवीन फळी कापून घ्या आणि मैदान मुलांना रंगवू द्या.

शेवटी पाणसळ लावून टेबल समतल करा. पाणसळ नसेल तर मोबाइलमधली लेव्हल चालते, आणि खरी परीक्षा म्हणजे बॉल मध्यावर ठेवून हात काढायचा. तो जागेवर राहिला पाहिजे.

हे टेबल मुळात सुताराच्या हातचं आहे, हे मला फार आवडतं. इंग्लंडमध्ये हॅरॉल्ड थॉर्न्टन यांनी 1923 मध्ये अशा खेळाचं पेटंट घेतलं होतं. स्पेनमध्ये यादवी युद्धाच्या काळात अलेहांद्रो फिनिस्तेर्रे नावाचा तरुण बॉम्बहल्ल्यात जखमी होऊन रुग्णालयात होता. तिथे जायबंदी झालेली, आता फुटबॉल खेळू न शकणारी मुलं पाहून त्याने टेबलावरच्या फुटबॉलची कल्पना मांडली आणि एका सुताराकडून टेबल बनवून घेतलं. 1937 मध्ये बार्सिलोनात त्याने पेटंट नोंदवलं. ही गोष्ट मी मुलांना दांड्या पुसता पुसता सांगितली होती. त्यानंतर पुसायला कोणी कंटाळलं नाही.

गरगर फिरणाऱ्या खेळाडूंकडे येऊ. खेळाडूच्या छातीतून आणि दांडीतून आरपार एक बारीक स्क्रू जातो, मागे नट असतो. काही टेबलांत स्क्रूऐवजी रोल पिन, म्हणजे पोलादी पत्र्याची गुंडाळलेली खिट्टी असते. ती पकडीने ओढून निघत नाही. दांडीखाली लाकडाचा ठोकळा द्या आणि पिनच्या जाडीचा पंच लावून हलक्या हाताने ठोकून बाहेर काढा. ठोकळा दिला नाही तर दांडी वाकते आणि एका कामाची दोन कामं होतात.

स्क्रू असेल तर साधा नट काढून त्याच मापाचा नायलॉक नट लावा. त्यात आत नायलॉनची कडी असते, त्यामुळे शॉटच्या धक्क्यांनी तो सुटत नाही. आवळताना खेळाडू हलायचा थांबला की तिथेच थांबायचं. आणखी एक फेरा दिला की प्लास्टिकला चीर जाते. स्क्रू घट्ट असूनही खेळाडू डुलत असेल तर प्लास्टिकचं भोक मोठं झालंय. तेव्हा दांडीवर त्या जागी नळाला गुंडाळतात ती पांढरी टेप चार-पाच वेढे घ्या आणि त्यावर खेळाडू बसवा. एका दांडीवरच्या सगळ्यांची तोंडं एकाच बाजूला आहेत ना, हे आवळण्याआधी बघा. आम्ही एकदा गोलकीपरलाच स्वतःच्या जाळीकडे तोंड करून बसवलं होतं, ते सगळं उकलावं लागलं. म्हणून आता दांडी काढण्याआधी प्रत्येक खेळाडूवर मास्किंग टेप लावून आकडा लिहिते आणि फोटो काढते.

खेळाडूचा मोडका पाय फेविक्विकने चिकटवला तर संध्याकाळपर्यंत टिकतो. नीट जोडायचा असेल तर दोन्ही तुकड्यांत दोन मिलिमीटरचं भोक पाडा, सायकलच्या स्पोकचा सेंटिमीटरभर तुकडा आत घाला आणि अराल्डाइटने बसवा. सायकलवाला मोडका स्पोक सहज देतो.

आता अडकणाऱ्या दांड्या. दांडी बाहेर काढून काचेच्या टेबलावर किंवा ओट्यावर घरंगळवा. वाकली असेल तर ती लंगडत जाते, आणि फट कुठे दिसते त्यावरून बाक कुठे आहे ते कळतं. थोडाच बाक असेल तर मांडीवर फडक्यात धरून हळूहळू दाबत सरळ करता येतो. जिथे पोकळ पाइपला घडी पडली आहे तिथे प्रयत्न करू नका, नवीन पाइप कापून घ्या. दांडी सरळ असेल तर दोष बुशमध्ये आहे. भिंतीतल्या ज्या प्लास्टिकच्या कडीतून दांडी जाते तो बुश. आणि तुम्ही तेल घातलंय, म्हणजे त्यात आता धुळीचा चिखल झालेला असणार.

हे मी ठामपणे सांगते, कारण आमच्याकडे हेच झालं होतं. पहिल्या वर्षी दांड्या कुरकुरायला लागल्या म्हणून मी खोबरेल तेल लावलं. दोन महिने छान चाललं. डिसेंबरमधल्या एका सकाळी मुलगा झोपेतून उठून थेट टेबलाकडे गेला आणि एकही दांडी हलेना. बुशच्या कडेला तेल पांढरं होऊन गोठलं होतं, बाथरूममधल्या बाटलीत गोठतं तसंच. खोबरेल साधारण 24 अंशांखाली घट्ट व्हायला लागतं, आणि नाशिकच्या थंडीत पारा त्याच्या किती खाली जातो ते तुम्हाला माहीत आहे. शिवाय मुलांनी कॅरमची पावडर मैदानावर टाकली होती, बॉल जोरात पळावा म्हणून. ती पावडर आणि ते तेल मिळून बुशच्या आत खळीसारखा लगदा झाला होता. टूथब्रश, कोमट साबणपाणी आणि कानकोरण्याच्या कापसाच्या काड्या घेऊन पूर्ण रविवार गेला.

म्हणून आधी सगळं जुनं तेल काढा. दांडी साबणपाण्याच्या पिळलेल्या फडक्याने पुसून लगेच कोरडी करा. गंज असेल तर ब्रासो आणि मऊ कापड. भांडी घासायची तारेची घासणी वापरली तर चरे पडतात आणि दांडी कायमची खरखरीत होते. बुश आतून साफ करा. याच्यानंतर बहुतेक दांड्या तेलाशिवायच सरकतात. मग शुद्ध सिलिकॉन ऑइलचे दोन थेंब, प्रत्येक दांडीला, बुशजवळ. चार वेळा आतबाहेर करायचं आणि जादाचं पुसून टाकायचं. घरात किंवा शेजाऱ्यांकडे ट्रेडमिल असेल तर त्याच्या पट्ट्याखाली घालायची बाटली बहुधा सिलिकॉन ऑइलचीच असते. लेबलवर वाचून खात्री करा. शिलाई मशीनचं तेल नको, स्वयंपाकाचं नको, गंज सोडवायचे स्प्रेही नकोत. ते धूळ धरतात, आणि मैदानावर ठिबकले तर बॉल नुसता घसरत राहतो.

दांडीवरचा रबरी ठोकर, म्हणजे खेळाडू भिंतीवर आदळू नये म्हणून असलेली कडी, फाटला असेल तर बागेचा अर्धा इंची पाइप बोटाच्या पेराएवढा कापून दांडीवर चढवा. अर्ध्या इंची दांडीवर तो नेमका बसतो. मुठी घसरत असतील तर बॅडमिंटनच्या रॅकेटची ग्रिप गुंडाळा.

एका बाबतीत मात्र आजच उठून बघा, दुरुस्ती नंतर झाली तरी चालेल. दांड्यांच्या दुसऱ्या टोकांना रबरी टोप्या आहेत का? दांडी ढकलली की समोरच्या बाजूने ते टोक बाहेर येतं आणि लहान मुलाच्या डोळ्यांच्या उंचीवर येतं. टोपी पडली असेल तर हार्डवेअरच्या दुकानात खुर्चीच्या पायाच्या रबरी टोप्या मिळतात, दांडी सोबत नेऊन मापाची घ्या. तोवर ती दांडी वापरू देऊ नका. आणि घरात तीन वर्षांखालचं मूल येत-जात असेल तर खेळ संपला की बॉल मोजून डब्यात. तो नेमका घशात अडकेल एवढा असतो.

बुशला तडा गेला असेल तर ऑनलाइन दिसेल तो संच मागवू नका. मोठ्या टेबलांची दांडी बहुधा 16 मिलिमीटरच्या आसपास असते, मुलांच्या टेबलांची बरीच बारीक, आणि मोठ्याचा बुश लहानात खडखडतो. दांडीची जाडी, भिंतीतल्या भोकाचा व्यास आणि भिंतीची जाडी, ही तीन मापं व्हर्नियरने घ्या. व्हर्नियर नसेल तर दांडीभोवती कागदाची पट्टी गुंडाळून खूण करा, लांबी मोजा आणि 3.14 ने भागा. मापं इथे कळवा, सोबत बुशचा जवळून एक फोटो. त्यावरून तयार बुश शोधायचा की लेथवाल्याकडून नायलॉनचा करून घ्यायचा ते मी सांगते.