कारवी खरंच सात वर्षांनी एकदाच फुलते का? आणि घरी कुंडीत लावता येईल का?

हो, कारवी म्हणजे सह्याद्रीच्या उतारांवरचं झुडूप, आणि त्याचं एक झाड आयुष्यात एकदाच फुलतं. कुंडीचं शेवटी सांगते, कारण तुम्ही प्रश्नाखाली लिहिलंय ना की "फुलून वाळलं की काढून टाकलं तर चालेल ना", त्याच एका वाक्यावरून आमच्या घरात माझं आणि दादाचं कित्येक वर्षं वाजलेलं आहे.

घरामागचा डोंगरउतार आमचाच, आणि तिथे नुसती कारवी होती. २०१६ च्या पावसाळ्यात ती फुलली, गणपती उठेपर्यंत अख्खा उतार जांभळा-निळा झालेला आणि मधमाश्यांची घूंघूं मागच्या पडवीत बसून ऐकू यायची. मग फुलं गळाली, बोंडं धरली, दिवाळीनंतर झाडं वाळत गेली आणि फाल्गुनात दादा कोयता घेऊन वर गेला, राब भाजायला, म्हणजे भाताची रोपं करायची जमीन भाजायला पाहिजे म्हणून सगळं साफ. मी नेमकी तेव्हा माहेरी होते. मी म्हटलं दादा, बोंडं अजून मिटलेली आहेत, बी आतच आहे, एक पाऊस पडू दे मग काय तोडायचं ते तोड. तर म्हणाला मेलेल्या काड्या आहेत या, आणि मुळातून फुटेलच की परत. नाही फुटलं. फुटणारच नव्हतं, कारण फुलून बी धरली की कारवी मुळापासून मरते, मागे राहते ती फक्त बोंडातली बी, आणि ती दादाने भाताच्या रोपवाटिकेत जाळून टाकली.

कारवीची बोंडं उन्हाळाभर झाडावरच वाळत राहतात आणि पुढच्या पावसाळ्याचं पहिलं पाणी लागलं की तडतड फुटून बी लांब उडवतात, त्याच पावसात ती रुजते. म्हणजे २०१६ ला फुललेल्याची बी २०१७ च्या जूनमध्ये पडणार, तिथून सात पावसाळे नुसती पानं आणि आठव्याला, २०२४ ला, फूल. म्हणून झाडाचं वय मोजणारे सात म्हणतात आणि फुलापासून फुलापर्यंत मोजलं तर आठ येतात. मुंबईच्या राष्ट्रीय उद्यानातही २००८, २०१६, २०२४ असाच बहर आलाय.

दादाचं ठरलेलं उत्तर, आजी पण कारवी तोडायचीच की. हो, तोडायची, आमच्या जुन्या घराचे सगळे कूड, म्हणजे काठ्यांच्या भिंती, कारवीचेच होते, वरून शेणमातीने लिंपलेले. पण ती उभ्या रानातून हव्या तेवढ्याच काठ्या आणायची आणि फुलाच्या वर्षी हात लावायची नाही, पाऊस पडून बोंडं रिकामी झाली की मगच वाळलेल्या काठ्या गोळा करायची. उतार बोडका करणं आणि हे, एकच कसं?

पहिली एक-दोन वर्षं काही जाणवलं नाही कारण मेलेली मुळं माती धरून होती, ती कुजली तशी माती खाली यायला लागली, एका पावसाळ्यात तर पडवीच्या पायरीपर्यंत चिखल, आणि वर सगळी टणटणी, म्हणजे घाणेरी, माजली. २०२४ ला शेजारच्या काकांचा उतार फुलला, बांधाच्या पलीकडे जांभळं आणि अलीकडे टणटणी, मला तिकडे बघवेना.

तर तुमची कुंडी. लावू नका असंच मी म्हणेन, माणसाच्या डोक्यावर जाणारं, खरखरीत पानांचं झुडूप आहे ते, सात वर्षं फूल नाही आणि फुललं की मेलं, आणि एकट्या झाडात ती मजाही नाही. सह्याद्रीत उताराची जागा असेल तर मात्र जरूर पेरा. बी मात्र अभयारण्यातून किंवा राष्ट्रीय उद्यानातून आणायची नाही, तो गुन्हा आहे, कुणाच्या खासगी जागेत असेल तर विचारून घ्या.

आणि हो, हे वर्षांचं गणित सगळीकडे एकच नसतं, प्रत्येक डोंगराची पाळी वेगळी असते आणि मधल्याच वर्षी एखादं चुकार झुडूप फुललेलंही दिसतं. कासच्या पठारावरची गोल बुटकी टोपली कारवी वेगळी, आणि मुन्नारची बारा वर्षांनी फुलणारी नीलकुरिंजी तर त्याहून वेगळी, फोटो बघून गोंधळू नका.

२०२५ च्या मे महिन्यात मी काकांना विचारून दोन गोणी बोंडं आणली आणि टणटणी उपटून आमच्या उतारावर पसरली. जूनमध्ये रोपं आली, दाट. ती २०३२ ला फुलतील, आणि २०३३ चा पहिला पाऊस होऊन बोंडं फुटेपर्यंत तिथे कोयता जाणार नाही हे दादाकडून मी आईसमोर कबूल करून घेतलंय.