मालिका बंद करण्याआधी

प्रश्न : माझी मुलगी दुसऱ्यांदा नीटची तयारी करीत आहे. रोज रात्री ती मोबाइलवर हॉस्पिटलची मालिका बघते आणि त्यातला पेशंट दगावला की रडते. इतक्या हळव्या मनाची मुलगी डॉक्टर कशी होणार, असे तिचे वडील म्हणतात. मालिकेचा नाद कसा सोडवावा?
– एक आई, सोलापूर

उत्तर : ताई, आपल्या दोन पानी पत्रातले दीड पान मालिकेवर खर्च झाले आहे. दोन महिने मुलीला झोप नाही आणि ती ताटात अर्धी भाकरी टाकून उठते, हे मात्र आपण एकाच ओळीत उरकले आहे. मला त्या ओळीची काळजी वाटते. तिचे वडील रोज जेवतानाच सराव परीक्षेचे गुण विचारतात आणि कमी भरले की शेजारच्या मुलीचा नंबर लागल्याची आठवण करून देतात, असेही आपण लिहिले आहे. भाकरी का उरते, याचे उत्तर तिथेच आहे. स्पष्ट सांगतो, हे विचारणे आजपासून थांबले पाहिजे.

हळवे मन डॉक्टरला चालत नाही, हा समज चुकीचा आहे. २०१९पासून एमबीबीएसच्या अभ्यासक्रमात रुग्णाशी कसे बोलावे, वाईट बातमी नातेवाइकांना कशी सांगावी, हे रीतसर शिकवले जाते. कारण औषधांची नावे पाठ असलेला डॉक्टरही त्या क्षणी गोंधळतो. भावना आवरून काम करणे सरावाने येते, पण दुसऱ्याचे दुःख जाणवतच नसेल, तर ते शिकवणे फार कठीण. १९३८ साली चीनमधील जखमींच्या शुश्रूषेसाठी गेलेले डॉ. द्वारकानाथ कोटणीस ज्या सोलापुरात जन्मले, तिथे हळवेपणाला दोष ठरवलेले पाहून मला वाईट वाटते.

नीटची परीक्षा पुढच्या वर्षीही होईल. नर्सिंगचा मार्ग आहे आणि समुपदेशनाकडे जायचे असेल, तर मानसशास्त्राची पदवीही आहे. पण आज यातले काहीच ठरवू नका. तिच्याशी बोलून, तिला विश्वासात घेऊन, याच आठवड्यात सिव्हिलच्या मानसोपचार विभागात तिला दाखवा. तोवर ‘टेलिमानस’ या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ या क्रमांकावर मोफत बोलता येते. ती स्वतःला इजा करण्याविषयी काही बोलली, तर मात्र आठवड्याची वाट न पाहता त्याच दिवशी रुग्णालय गाठा. तिच्या वडिलांनीही सोबत जावे, आणि तिथे डॉक्टरांच्या प्रश्नांची उत्तरे तिलाच देऊ द्यावीत.